येरेवानमध्ये पायी फिरताना: सहा हजार वर्षांची वाईन आणि कालची ब्रँडी

नमस्कार मंडळी. नाशिकमध्ये उभं राहून वाईनवर बोलायचं म्हणजे लंकेत सोन्याच्या विटा विकायला आल्यासारखं आहे, त्यामुळे ग्लास कसा धरायचा, वास कसा घ्यायचा वगैरे मी काहीही सांगणार नाहीये, ते तुमच्यातल्या निम्म्या लोकांना माझ्यापेक्षा चांगलं येतं. मी बोलणार आहे येरेवानबद्दल, म्हणजे आर्मेनियाच्या राजधानीबद्दल. तिथे हल्ली पायी टूर निघतात, तीन-चार तास शहरातून चालवतात आणि मधेमधे थांबून तिथलीच वाईन आणि ब्रँडी चाखायला देतात. शहर समजून घ्यायचं असेल तर म्युझियमच्या आधी ही टूर करा असं माझं म्हणणं आहे, फक्त गाईड जे सांगतो ते सगळं जसंच्या तसं गिळू नका. वाईन गिळा, गोष्ट जरा चावून खा.

कारण गोष्ट ठरलेली असते. नोहाची नाव अरारत पर्वतावर टेकली, पाणी ओसरलं, नोहा खाली उतरला आणि त्याने पहिलं काम काय केलं तर द्राक्षाची वेल लावली, वाईन केली आणि पिऊन आडवा झाला. हे बायबलमध्येच आहे. मग गाईड समोर बोट दाखवतो आणि हवा स्वच्छ असेल तर खरंच तो अरारत दिसतो, ५१३७ मीटरचा, वर बर्फ, आणि शहराच्या इतक्या जवळ की वाटतं रिक्षा करून जाऊ. जाता येत नाही. तो तुर्कस्तानात आहे आणि ती सीमा १९९३ पासून बंद आहे. नोहानंतर मग सहा हजार वर्षांची परंपरा, आणि हातात ग्लास. ऐकणाऱ्याची समजूत अशी होते की ही माणसं सहा हजार वर्षं सलग वाईनच करत बसली आहेत.

तसं नाहीये. येरेवानमध्ये वाईन बारचा जो प्रसिद्ध रस्ता आहे, सार्यान स्ट्रीट, त्याच्यावरचा पहिला वाईन बार २०१२ चा. म्हणजे आपल्या गंगापूर रोडवरच्या बऱ्याच गोष्टी त्याच्यापेक्षा जुन्या निघतील. आणि ज्या ब्रँडीला आता तिथले तरुण लोक ‘ते काय, आजोबांचं पेय’ म्हणून बाजूला सारतात, तिचा धंदा मात्र १८८७ पासून चालत आलेला आहे. जुनी म्हणवणारी वाईन खरं तर नवी आहे आणि बाजूला सारलेली ब्रँडी त्या मानाने जुनी, असा उलटा मामला आहे.

बऱ्याच टूर रिपब्लिक स्क्वेअरपासून सुरू होतात. सोव्हिएत काळात त्याला लेनिन चौक म्हणायचे. चारी बाजूंच्या इमारती टफ नावाच्या ज्वालामुखीच्या दगडाच्या आहेत, गुलाबी, पिवळट, मधेच तपकिरी, आणि संध्याकाळच्या उन्हात तो दगड असा काही रंगतो की फोन खिशात ठेवणं अशक्य. शहर दाखवायला जुनं आहे, इथला एरेबुनीचा किल्ला उरार्तू ह्या प्राचीन राज्याच्या अर्गिश्ती राजाने इसवीसनपूर्व ७८२ मध्ये बांधला, त्याचा कोरीव लेख सापडलाय, पण आज आपण ज्या रस्त्यांवर चालतो तो आराखडा अलेक्झांडर तामान्यान ह्या आर्किटेक्टचा, १९२४ चा. इथेही तेच बघा, नाव जुनं, काम नवं.

तिथून नॉर्दर्न अव्हेन्यूने ऑपेरा, ऑपेरावरून कॅस्केड. कॅस्केड म्हणजे डोंगर चढत गेलेला अवाढव्य जिना, पाचशेच्या वर पायऱ्या, आत सरकते जिनेही आहेत. पायऱ्या चढायची हौस टेस्टिंगच्या आधी भागवून घ्या, नंतर नाही.

आणि वाटेत पुलपुलाक. हा माझा ह्या शहरातला सगळ्यात आवडता प्रकार. कमरेएवढा दगडी खांब, वरती पाण्याची बोटभर उंच उडी, नळ नाही, तोटी नाही, चोवीस तास वाहतं. वाकायचं आणि प्यायचं. डोंगरातलं पाणी आहे, ऑगस्टमध्येसुद्धा दातांना झिणझिण्या आणतं. जाणारायेणारा प्रत्येकजण पितो, सूट घातलेला माणूस टाय एका हाताने छातीशी धरून वाकतो, शाळेतली पोरं एकमेकांना ढकलून पितात. दोन ग्लासांच्या मधे एक पुलपुलाक, एवढा नियम पाळलात तर टूरच्या शेवटी तुम्ही स्वतःच्या पायांवर असाल.

आता सार्यान स्ट्रीट. मार्तिरोस सार्यान हा चित्रकार, त्याचं घर-म्युझियम ह्याच रस्त्याच्या आसपास आहे. फुटपाथवर टेबलं, वर झाडं, आणि मेनूवर द्राक्षांची नावं अशी की कॅबर्ने-शिराजवाल्या आपल्या जिभेला काही सुचत नाही. पांढऱ्यात वोस्केहात. लालमध्ये अरेनी, जाड सालीचं द्राक्ष, पण वाईन त्या मानाने हलकी, चेरीसारखी, वरून किंचित मिरपूड. माझं प्रामाणिक मत विचाराल तर पहिल्या घोटाला अरेनी फार काही बोलत नाही, दुसऱ्या ग्लासाला बोलते, आणि टेस्टिंगमध्ये दुसरा ग्लास देत नाहीत ही त्यांची चूक आहे.

प्रश्न असा की इतकी चांगली द्राक्षं होती तर मधली वर्षं ही वाईन कुठे होती? तर सोव्हिएत प्लॅनिंगमध्ये होती. मॉस्कोत बसून वाटणी झाली, जॉर्जियाने वाईन करायची, आर्मेनियाने ब्रँडी. त्यामुळे अरारतच्या खोऱ्यातली द्राक्षं भट्टीकडे गेली, आणि वाईन उरली ती मुख्यतः गोडसर, घरगुती. मग १९८५ मध्ये गोर्बाचेव्हने दारूविरोधी मोहीम काढली, बागा तोडल्या. मग १९८८ चा भूकंप, युद्ध, नव्वदच्या सुरुवातीचे ते अंधारातले हिवाळे, वीज दिवसातून तासभर, लोकांनी घरातलं फर्निचर जाळून ऊब घेतली. अशा वेळी कोण ओकच्या बॅरलचा विचार करतो? चांगली कोरडी वाईन बाटलीत भरून जगाला विकायची हा उद्योग खऱ्या अर्थाने उभा राहिला तो गेल्या पंधरा-वीस वर्षांत, आणि त्यात बाहेरून परत आलेल्या आर्मेनियन लोकांचा पैसा मोठा आहे, कोणी इटलीतून आलं, कोणी अर्जेंटिनातून.

आणि ह्याच काळात अरेनीची गुहा सापडली. गावाचं नाव अरेनी, द्राक्षाचंही तेच, येरेवानहून शंभर-सव्वाशे किलोमीटर. गुहेत मातीचा उतरता ओटा आहे, साधारण मीटरभराचा, त्यावर द्राक्षं पायांनी तुडवायची आणि रस खाली पुरलेल्या रांजणात उतरायचा. बाजूला बिया, सालं, वाळलेल्या वेली. काळ इसवीसनपूर्व ४१०० च्या सुमाराचा, २०११ मध्ये ते जाहीर झालं. त्याच गुहेत साडेपाच हजार वर्षांपूर्वीचं चामड्याचं पायताण मिळालं, एकाच पायाचं, लेससकट. मी तो ओटा पाहिलाय आणि तुम्हाला सांगतो, नाशिकच्या माणसाला तिथे काहीही समजावून सांगावं लागत नाही, आपल्याकडे फेब्रुवारीत वायनरीवर पोरं फोटो काढत द्राक्षं तुडवतात तेच सगळं, फक्त सेल्फी नाही.

तिथल्या रस्त्यावर टपऱ्या असतात आणि टपरीवर कोकाकोलाच्या दोन-दोन लिटरच्या बाटल्या ओळीने मांडलेल्या. आत कोक नाही, घरची लाल वाईन. तो रस्ता पुढे इराणकडे जातो, इराणी ट्रकवाले थांबतात आणि कोक घेऊन पुढे जातात. एवढंच सांगतो.

बागायतदार मंडळी बसलीयेत म्हणून थोडं आडवाटेने जातो. अरेनीच्या बाजूच्या वायोत्झोर प्रांतात कित्येक वेली स्वतःच्या मुळांवर आहेत, आपल्यासारखं डॉगरिजच्या खुंटावर कलम नाही, कारण मुळं खाणारी फिलॉक्सेराची कीड तिथे पोचलेली नाही. बागा हजार मीटरच्या वर. आणि खाली अरारतच्या खोऱ्यात हिवाळा असा पडतो की पूर्वापार वेली सोडवून जमिनीवर आडव्या करतात आणि मातीखाली पुरतात, वसंतात परत उकरून वर बांधतात. मी तिथल्या एका शेतकऱ्याला सांगितलं की आम्ही वर्षात दोनदा छाटतो, एप्रिलला खरड छाटणी आणि ऑक्टोबरला गोडी छाटणी, आणि पीक घेतो जानेवारी ते मार्चमध्ये, तर तो माझ्याकडे असा बघायला लागला की ह्याला आता पुढचा ग्लास देऊ नका. त्याच्या हिशोबाने वेलीला झोप पाहिजे. आपली वेल झोपतच नाही, आपण तिला झोपूच देत नाही.

असो. चला परत शहरात. सार्यानवरून मॅशतोत्स अव्हेन्यूने सरळ खाली आलं की वाटेत निळी मशीद लागते, इराणी अमलातली, अठराव्या शतकातली, आणि रस्ता संपतो तिथे ह्राझदान नदीची खोल घळ. घळीच्या ह्या काठावर पूर्वी येरेवानचा किल्ला होता, १८२७ मध्ये रशियनांनी तो इराणकडून घेतला. आता तिथे नोय ब्रँडीचा कारखाना आहे, नोय म्हणजे नोहाच, आणि खाली तळघरं. पलीकडच्या काठावर, व्हिक्टरी ब्रिज ओलांडून, टेकडीवर कमानींची लांबलचक इमारत, ती अरारत ब्रँडीची, १९५३ ची.

नर्सेस ताईर्यान नावाच्या व्यापाऱ्याने १८८७ मध्ये अरारतचं हे काम सुरू केलं, मग १८९९ मध्ये शुस्तोव ह्या रशियन कंपनीने घेतलं आणि झारच्या दरबारापर्यंत पोचवलं. क्रांती झाली, सरकारी झालं. सोव्हिएत संघ मोडला, आणि १९९८ मध्ये फ्रान्सच्या पर्नो रिकारने ३ कोटी डॉलरला विकत घेतलं, त्यावरून तिथे बराच गदारोळ झाला, घरचं सोनं विकलं म्हणून. झार, कॉम्रेड आणि आता फ्रेंच. मालक बदलत गेले, ब्रँडी चालूच राहिली. आणि म्हणूनच मला ब्रँडीची गोष्ट वाईनच्या गोष्टीपेक्षा खरी वाटते, तिच्यात मधला एकही तुकडा लपवावा लागत नाही.

करायची पद्धत सोपी वाटते. पांढरी, आंबट, कमी अल्कोहोलची वाईन घ्यायची, तांब्याच्या भांड्यात दोनदा उकळून गाळायची, जो पाण्यासारखा पारदर्शक सत्तर टक्क्यांचा अर्क निघतो तो ओकच्या बॅरलमध्ये घालायचा आणि थांबायचं. किमान तीन वर्षं. अख्तामार नावाच्या ब्रँडीला दहा, नाईरीला वीस. दरवर्षी थोडी थोडी उडून जाते, ह्याला ते देवदूतांचा वाटा म्हणतात, आणि तळघरात शिरल्यावर तो वाटा नाकाला कळतो, मनुका, व्हॅनिला, ओलं लाकूड, सगळं एकदम. तीन मिनिटांत डोकं हलकं होतं, अजून एक थेंबही प्यायलेला नसताना.

इथे गाईड चर्चिलची गोष्ट सांगतोच. १९४५ च्या याल्टा परिषदेत स्टालिनने त्याला द्विन ब्रँडी पाजली आणि मग दरवर्षी पेट्या जाऊ लागल्या. द्विन ही पन्नास टक्क्यांची ब्रँडी खरी आहे, गोष्टीचा कागद मात्र कोणी दाखवत नाही. हसून ऐकायची आणि ग्लास पुढे करायचा.

खरी ऐकण्यासारखी गोष्ट दुसऱ्या एका बॅरलची आहे. पाहुण्या राष्ट्राध्यक्षांच्या नावांची बॅरल्स आहेत, त्यांच्यात एक शांततेचं बॅरल म्हणून ठेवलंय, काराबाख ह्या भागावरून अझरबैजानशी असलेला वाद मिटला की उघडायचं असं ठरवून. २०२० मध्ये युद्ध झालं, सप्टेंबर २०२३ मध्ये काराबाखमधले लाखभर आर्मेनियन घरदार सोडून आले. सोबत त्यांच्या बागाही गेल्या, खंदोग्नी नावाचं लाल द्राक्ष तिकडचं, आणि तुतीची दारूही तिकडची. मी गेलो तेव्हा ते बॅरल बंद होतं. ग्रुपमधल्या एकाने विचारलं की आता वाद मिटला असं म्हणायचं का, मग उघडणार का, तर गाईड म्हणाली, मिटणं आणि हरणं ह्यात फरक आहे सर, पुढे चला.

खाण्याचं सांगतो, नाहीतर प्रश्नोत्तरात हेच येणार. रिकाम्या पोटी ही टूर करू नका. काही टूरवाले पाच ग्लास देतात आणि सोबत चार बिस्किटं, असल्यांच्या नादी लागू नका, आधीच विचारा खायला काय आहे. लवाश आणि चीज, हिरवी पानं, अक्रोड, सुकवलेले जर्दाळू हे बऱ्याच ठिकाणी मिळतं, शाकाहारी माणूस मजेत राहतो. फक्त सुजुख मागताना सांभाळा, एक सुजुख गोड असतं, अक्रोड दोऱ्यात ओवून द्राक्षाच्या दाट रसात बुडवून वाळवलेलं, आणि दुसरं सुजुख म्हणजे मांसाचं सॉसेज, दोन्ही दोऱ्याला टांगलेली असतात आणि दुकानाच्या अंधारात सारखीच दिसतात. ब्रँडीबरोबर गोडवालं घ्या.

आणि तिथे रस्त्यावर हिंदी-मराठी कानावर पडली तर दचकू नका, मेडिकलला गेलेली आपली बरीच मुलं तिथे आहेत. आर्मेनियन लोकही एके काळी आपल्याकडे होतेच की, त्यांचं जगातलं पहिलं वर्तमानपत्र १७९४ मध्ये मद्रासला छापलं गेलं, आणि मुंबईत फोर्टमध्ये त्यांचं चर्च अजून आहे.

कधी जायचं विचाराल तर जूनच्या सुरुवातीला सार्यान स्ट्रीट बंद करून वाईन डेज भरतात, मजा आहे पण गर्दी आपल्या रामकुंडावरची. मला विचाराल तर ऑक्टोबर. पहिल्या आठवड्यात अरेनी गावात उत्सव असतो, द्राक्षं नुकतीच उतरलेली असतात, आणि अरारत उन्हाळ्याच्या धुरकटीतून बाहेर आलेला असतो. ऑगस्ट टाळा, चाळिशीला टेकतं, आणि त्या उन्हात दुपारी तीन वाजता पन्नास टक्क्यांची द्विन घेऊन बघायची काही गरज नाही.