कागद कुणाच्या नावावर?

मित्रहो, चांगला चाललेला लेखक निर्मितीच्या भानगडीत का पडतो, असं मला नेहमी विचारतात. लोकांना वाटतं, पैशासाठी. मी म्हणेन, हक्कासाठी. पटकथेचे सगळे हक्क विकले की पुढे तिचा शेवट बदलला, संवाद दुसऱ्याकडून लिहून घेतले किंवा ती वर्षानुवर्षं कपाटात पडून राहिली, तरी लेखकाला फारसं काही करता येत नाही.

ल्युसिल बॉल आणि देसी अर्नाझ हे अमेरिकन जोडपं लेखक नव्हतं, नट होतं. तरी आपल्या धंद्यातला सर्वांत मोठा धडा मला त्यांच्याकडेच दिसतो. १९५१ साली त्यांची विनोदी मालिका सुरू होणार होती. सीबीएस या अमेरिकन वाहिनीला ती न्यूयॉर्कहून थेट प्रक्षेपित व्हायला हवी होती. या दोघांनी लॉस एंजेलिसमध्ये फिल्मवर चित्रित करायचा हट्ट धरला. खर्च वाढणार होता, म्हणून त्यांनी स्वतःचं मानधन कमी करून घेतलं आणि बदल्यात मालिकेची मालकी आपल्या देसिलू कंपनीकडे ठेवली. एकदा दाखवलेला भाग पुन्हा कोण बघणार, असा तो काळ! पुढे तेच भाग वाहिनीला विकून त्यांना लाखो डॉलर मिळाले, आणि १९५७ मध्ये देसिलूनं आरकेओ या हॉलिवूडच्या चित्रपट कंपनीचे स्टुडिओ घेतले.

अर्थात मालकी आली की खर्चही आपला. लेखक लिहितो, ‘रात्र. मुसळधार पाऊस. स्टेशनवर गर्दी. तो तिला शोधतोय.’ निर्माता हीच ओळ वाचतो तेव्हा त्याला पाण्याचे टँकर दिसतात, रात्रपाळीचा भत्ता, शंभर ज्युनिअर आर्टिस्ट, रेल्वेची परवानगी दिसते. दोघं एकाच डोक्यात असले की प्रश्न बदलतो: या प्रसंगात नक्की काय घडतंय? गाडी सुटण्याआधी ती सापडत नाही, एवढंच. मग तो बंद तिकीट खिडकीपाशी भिजलेल्या कपड्यांत उभा आहे, बाहेर पावसाचा आवाज आहे आणि गाडी सुटल्याची घोषणा ऐकू येते. माणूस एक, भिंत एक. मला हा प्रसंग पहिल्यापेक्षा जास्त आवडतो. मात्र प्रत्येक वेळी असं कापू नये. ज्या एका प्रसंगासाठी चित्रपट करतोय, तिथे पैसा ओतावाच लागतो. बाकीची काटकसर त्यासाठीच असते.

कमाईचं थोडक्यात सांगतो. आलेल्या पैशातून साधारणपणे आधी वितरकाचं कमिशन आणि खर्च जातो, मग कर्ज, मग गुंतवणूकदार. लेखक-निर्माता रांगेत शेवटचा. म्हणून घर चालवायला दुसऱ्यांच्या मालिकांचे भाग लिहावे लागतात, आणि त्यात कमीपणा काहीच नाही. अमेरिकन दिग्दर्शक जॉन कॅसाव्हेटिस इतरांच्या चित्रपटांत अभिनय करून स्वतःच्या चित्रपटांसाठी पैसे उभे करत.

आता कागदपत्रं. मूळ कथेचा मालक, सहलेखक, संगीतकार, यांपैकी एकाचीही सही राहिली तर वितरक आणि विमा कंपनी दोघंही अडून बसतात. दोघं मिळून लिहायला बसाल त्याच दिवशी श्रेय आणि वाटा कागदावर आणा. तेव्हा हे काम एका पानात होतं. चित्रपट पूर्ण झाल्यावर तीच सही मागायला गेलात, तर तुम्ही किती अडलेले आहात हे समोरच्याला पक्कं ठाऊक असतं.