पडद्यावरचे पुरातत्त्वज्ञ: मॉर्टिमर व्हीलर

(दृश्य: धुकं, दलदल, काळसर माती)

डेन्मार्कच्या दलदलीत १९५० साली एका माणसाचा मृतदेह सापडला. दोन हजारांहून अधिक वर्षं जुना. गळ्यात चामड्याचा फास, आणि चेहरा मात्र नुकताच डोळा लागल्यासारखा शांत. त्याचं शेवटचं जेवणही पोटात शिल्लक होतं: सातू, जवस आणि तणांच्या बियांची पेज.

१९५४ साली बीबीसीनं एका टीव्ही मालिकेसाठी तशीच पेज शिजवून घेतली. दोन पुरातत्त्वज्ञांनी ती कॅमेऱ्यासमोर चाखली. एक ग्लिन डॅनियल, आणि दुसरे भरघोस मिशांचे सर मॉर्टिमर व्हीलर. जन्मभर ही पेज खावी लागणं हीच त्या माणसाला पुरेशी शिक्षा झाली असती, अशा आशयाचं व्हीलर म्हणाले.

(दृश्य: जुन्या कृष्णधवल टीव्हीचा पडदा)

या मालिकेचं नाव ‘बरीड ट्रेझर’. त्याआधी, १९५२ पासून, व्हीलर ‘ॲनिमल, व्हेजिटेबल, मिनरल?’ या कार्यक्रमात झळकत होते. संग्रहालयातली एखादी वस्तू तज्ज्ञांच्या हाती द्यायची आणि ती काय, कुठली, कधीची हे त्यांनी ओळखायचं, एवढाच खेळ. पण विद्वान माणूस विचार करताना कसा दिसतो, हे लोकांना घरबसल्या पाहायला मिळालं. व्हीलर वस्तू उलटीसुलटी करत, मिशीवरून बोट फिरवत, थांबत आणि मग बोलत. १९५४ साली ब्रिटनमधलं वर्षातलं सर्वोत्तम टीव्ही व्यक्तिमत्त्व म्हणून त्यांचीच निवड झाली. तेव्हा त्यांनी साठी ओलांडली होती.

लोकांना सांगण्याची ही ओढ मात्र टीव्हीच्या आधीची. १९३४ ते १९३७ या काळात इंग्लंडमधल्या मेडन कॅसल या टेकडी-किल्ल्यावर उत्खनन चालू असताना ते बघ्यांना हाकलत नसत. उलट त्यांना खड्डे दाखवत, मातीचे एकावर एक साचलेले थर समजावून सांगत. उत्खनन लोकांच्या पैशावर चालतं, तेव्हा काय सापडलं हे जाणण्याचा त्यांना हक्क आहे, ही त्यांची भूमिका होती. मला त्यांच्या सगळ्या कामात हीच गोष्ट सर्वांत मोलाची वाटते.

(दृश्य: चौकोनी खड्डे, मधले बांध, थरांना लावलेल्या चिठ्ठ्या)

त्याच मेडन कॅसलवर हसमुख सांकलिया नावाचा एक भारतीय विद्यार्थी थर वाचायला शिकला. पुढे पुण्याच्या डेक्कन कॉलेजात त्यांनी पुरातत्त्वाचं केंद्र उभं केलं. व्हीलर लंडनमध्ये पडद्यावर गाजत होते, त्याच १९५४ ते १९५६ या वर्षांत सांकलियांचं पथक नेवाशात, प्रवरेच्या काठी, खोदत होतं.

खुद्द व्हीलर १९४४ ते १९४८ भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे महासंचालक होते. त्यांनी तक्षशिलेला तरुणांना शिकवलं, पुदुच्चेरीजवळच्या अरिकमेडूला, काळ माहीत असलेल्या रोमन भांड्यांच्या आधारे, दक्षिणेतल्या थरांचा काळ ठरवला. पण त्यांच्यातल्या गोष्टीवेल्हाळ माणसानं त्यांना चकवलंही. मोहेंजोदडोतले सांगाडे म्हणजे आर्यांनी केलेल्या कत्तलीचा पुरावा, असं त्यांनी मांडलं. १९६४ साली अमेरिकन पुरातत्त्वज्ञ जॉर्ज डेल्स यांनी त्या सांगाड्यांचा पुरावा पुन्हा तपासून मांडला. सांगाडे सगळे एकाच वेळचे नव्हते, आणि कत्तलीचा भक्कम पुरावाही नव्हता.

गोष्ट तोवर पाठ्यपुस्तकांत पोचली होती.