राग एकमताचा, शिक्षा ज्याची त्याची

मित्रहो, कायदा, समाज आणि मन या तिघांबद्दल बोलायचं आहे, आणि मी सुरुवात 39 शिलिंगांपासून करणार आहे. शिलिंग म्हणजे इंग्लंडमधलं जुनं नाणं.

इंग्लंडमध्ये 1713 साली एक कायदा झाला. राहत्या घरातून 40 शिलिंग किंवा त्याहून जास्त किमतीचा माल चोरला, तर फाशी. पुढे अशा गुन्ह्यांची यादी लांबत गेली आणि शतकाअखेरीस फाशी होऊ शकेल असे 200 हून अधिक गुन्हे कायद्यात होते. वाचताना अंगावर काटा येतो. पण खटला चालायचा ज्यूरीसमोर, म्हणजे आपापला कामधंदा सांभाळून आलेल्या माणसांसमोर. चोर दोषी आहे हे त्यांना दिसत असे, पण एवढ्यासाठी त्याला फासावर चढवणं त्यांच्या मनाला पटत नसे. मग ते काय करत? मालाची किंमत ठरवत 39 शिलिंग! वस्तू उघडउघड महागाची असली तरी 39. चोर दोषीच ठरे, फक्त त्याची मान सुटे. ब्लॅकस्टोन या विख्यात कायदेपंडितानं या प्रकाराला पुण्याईची खोटी साक्ष अशा अर्थाचं नाव दिलं. त्याच्या स्वरात फारसा संताप नाही, हे मला महत्त्वाचं वाटतं.

याहून गमतीचा भाग पुढेच आहे. खोट्या हुंड्या आणि नोटा करणाऱ्यालाही फाशी होती. या कायद्यानं संरक्षण कुणाचं, तर बँकवाल्यांचं. आणि 1830 मध्ये याच बँकवाल्यांनी संसदेकडे अर्ज केला की ही फाशी रद्द करा. दया आली म्हणून नव्हे. ज्यूरी दोषी ठरवायलाच तयार होत नाही, त्यामुळे नोटा छापणारे मोकळे सुटतात आणि आमचं नुकसान होतं, हे त्यांचं म्हणणं. शिक्षा इतकी जड झाली की ती कुणी उचलेना. 1830 च्या दशकातच ती फाशी गेली.

इथे वाटू शकतं की कायदा आंधळा होता आणि लोकांच्या मनात मात्र न्यायाचा अचूक काटा होता. मला तसं वाटत नाही. 'हे फार होतंय' एवढं त्या ज्यूरींना नक्की कळत होतं. पण मग 'किती' हे विचारलं असतं, तर प्रत्येकानं वेगळं सांगितलं असतं. माझं आजचं म्हणणं एवढंच आहे: अन्याय झाला आणि तो किती बोचतो, हे मन सांगतं. त्याची भरपाई किंवा शिक्षा किती, हे मनाला ठाऊक नसतं. तो आकडा बाहेरून येतो.

हे नुसतं माझं मत नाही. मानसशास्त्रज्ञ डॅनियल काहनेमान, त्यांचे सहकारी डेव्हिड श्केड आणि कायद्याचे प्राध्यापक कॅस सनस्टीन या तिघांनी 1998 मध्ये अमेरिकेतला एक अभ्यास प्रसिद्ध केला. एखाद्या कंपनीच्या निष्काळजीपणामुळे कुणाला इजा झाली, अशा कल्पित खटल्यांचे तपशील त्यांनी सामान्य नागरिकांपुढे ठेवले. काहींना विचारलं, कंपनीचं वागणं किती संतापजनक आहे? काहींना विचारलं, तिला किती कडक शिक्षा व्हावी? आणि काहींना विचारलं, दंड किती डॉलरचा? पहिल्या दोन प्रश्नांवर लोकांचं चांगलंच जमलं. स्त्री-पुरुष, गरीब-श्रीमंत, कमी शिकलेले-जास्त शिकलेले, सगळ्यांच्या संतापाची पट्टी जवळपास एकच निघाली. डॉलरचा प्रश्न आला आणि सगळं विस्कटलं. कुणाचा दंड हजारांत, तर कुणाचा लाखांत. संताप एकाच घरचा, आकडे मात्र बारा गावचे.

तज्ज्ञांचं काय? जर्मनीत कायद्याच्या व्यवसायातल्या लोकांवर एक प्रयोग झाला, तो 2006 मध्ये प्रसिद्ध झाला. दुकानातून चोरी करणाऱ्या एका स्त्रीचं प्रकरण त्यांना वाचायला दिलं आणि शिक्षा सुचवण्यापूर्वी फासे टाकायला लावले. फासे असे बनवले होते की बेरीज एकतर 3 यावी नाहीतर 9. ज्यांना 3 आले त्यांनी सरासरी 5 महिन्यांच्या आसपास शिक्षा सुचवली, ज्यांना 9 आले त्यांनी 8 महिन्यांच्या आसपास. प्रयोग लहान आहे, त्यावर मी इमले बांधणार नाही. पण मनात स्वतःचा आकडा नसला की समोर येईल तो आकडा चिकटतो, एवढं त्यातून दिसतं.

मग रोजच्या व्यवहारात आपण गोंधळून का जात नाही? कारण आकडा पुरवायला समाज बसलेला असतो. जर्मन अर्थशास्त्रज्ञ वेर्नर ग्यूट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1982 मध्ये एक साधा खेळ मांडला. दोन अनोळखी माणसं. एकाच्या हाती रक्कम दिली, त्यातला हवा तेवढा वाटा त्यानं दुसऱ्याला देऊ करायचा. दुसऱ्यानं हो म्हटलं तर वाटणी पक्की, नाही म्हटलं तर दोघांचेही हात रिकामे. हिशेबी माणसानं एक दमडी मिळाली तरी घ्यावी, कारण नाही म्हणून काय मिळणार? पण माणसं नाही म्हणतात. स्वतःचं नुकसान सोसून समोरच्याचा हावरटपणा मोडतात.

पुढे मानववंशशास्त्रज्ञ जोसेफ हेनरिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हाच खेळ जगभरच्या 15 लहान समाजांत नेला. 2001 मध्ये निकाल आले आणि 'माणसाचा स्वभाव' या शब्दाला तडे गेले. पेरूमधल्या माचिगेंगा लोकांत देऊ केलेला वाटा सरासरी चौथ्या हिश्श्याच्या आसपास, आणि समोरचा तो सुखेनैव घेतो. कमी मिळालं म्हणून रुसवा नाही. त्यांचं जगणं कुटुंबापुरतं, परक्यांशी भागीदारी फारशी नाही. इंडोनेशियातल्या लामालेरात लोक एकत्र होड्या घेऊन देवमाशाची शिकार करतात, वाटे ठरलेले असतात, आणि तिथे सरासरी वाटा निम्म्याच्या वर जातो. पापुआ न्यू गिनीतल्या आउ आणि ग्नाउ समाजांत तर काही जणांनी अर्ध्याहून मोठा वाटाही नाकारला. कारण तिथे मोठी भेट घेणं म्हणजे पुढे कधीतरी देणाऱ्याच्या हुकमात राहणं. 'रास्त वाटा' कुणाला किती वाटतो, हे तो कुणाबरोबर आणि कसं कमावतो यावर ठरत गेलेलं दिसतं.

कायद्यातला शिक्षांचा तक्ताही या समाजातूनच येतो, त्याच्या भीतीसकट. अमेरिकेत 1986 च्या कायद्यानं क्रॅक, म्हणजे ओढण्यासाठी खडे केलेलं कोकेन, 5 ग्रॅम बाळगणाऱ्या विक्रेत्याला जी किमान 5 वर्षांची कैद ठेवली, तीच पावडर कोकेनसाठी 500 ग्रॅमला. एकास शंभर! मूळ द्रव्य एकच. पण क्रॅक गरीब, मुख्यतः कृष्णवर्णीय वस्त्यांतलं, आणि त्या काळची सगळी धास्ती त्या नावाभोवती गोळा झालेली. 2010 मध्ये हे प्रमाण एकास अठरावर आणलं. अठरा का? दहा का नाही, एक का नाही? संसदेतल्या घासाघिशीतून निघालेला आकडा, दुसरं काय.

उलट दिशेनंही, म्हणजे कायद्याच्या आकड्यातून समाजाच्या मनाकडे, हे घडतं, हे सांगायला हवं. ब्रिटनमध्ये 1967 साली वाहनचालकाच्या रक्तातल्या मद्याची मर्यादा ठरली, 100 मिलिलिटरमागे 80 मिलिग्रॅम, आणि पोलिसांच्या हाती श्वासतपासणी आली. त्याआधी पिऊन गाडी हाकणं हा विनोदाचा विषय होता. बदल एका रात्रीत झाला नाही, त्याला दशकं लागली. पण आज पिऊन गाडी चालवणाऱ्याकडे ज्या नजरेनं पाहिलं जातं, ती नजर घडवण्यात त्या कोरड्या आकड्याचा वाटा आहे.

गाड्यांचा विषय निघालाच आहे, तर जरा थांबू. दोन चालक, दोघांचंही लक्ष फोनमध्ये, दोघांनीही सिग्नल तोडला. एकाच्या वाटेत कुणी नव्हतं. दुसऱ्याच्या वाटेत एक मूल आलं. पहिल्याला दंडाची पावती, दुसऱ्याला तुरुंग. दोषात फरक किती? शून्य. फरक फक्त रस्त्यावर कोण होतं याचा. आणि तरीही दोघांना सारखी शिक्षा द्या म्हटलं तर आपल्याला ते सहन होत नाही. स्विस मानसशास्त्रज्ञ जाँ पियाजे यांनी 1932 मध्ये मुलांबद्दल लिहिताना दाखवलं होतं की लहान मुलांना खोडी काढताना एक कप फोडणाऱ्यापेक्षा नकळत पंधरा कप फोडणारा जास्त वाईट वाटतो. मोठं होता होता हेतूकडे लक्ष जातं, असं ते म्हणतात. पण पूर्ण जातं का? मानसशास्त्रज्ञ फायरी कुशमन यांचा 2008 चा अभ्यास सांगतो की 'हे कृत्य किती चूक' असं विचारलं की प्रौढ माणसं हेतूकडे पाहतात, आणि 'शिक्षा किती' असं विचारलं की फुटलेले कप मोजायला लागतात. खुनाच्या प्रयत्नाला खुनापेक्षा कमी शिक्षा देणारे कायदे हेच करतात. मला हे तर्काला धरून वाटत नाही, पण बदलावं असंही छातीठोकपणे सांगवत नाही. मेलेल्या मुलाच्या आईसमोर उभं राहून 'दोघं सारखेच दोषी' हे वाक्य म्हणून पाहा.

मनाचा आणखी एक दोष याहून ओंगळ आहे. मानसशास्त्रज्ञ मेल्विन लर्नर आणि कॅरोलिन सिमन्स यांनी 1966 मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात प्रेक्षकांना एक तरुणी विजेचे झटके सोसताना दाखवली. झटके नाटकी होते, प्रेक्षकांना ते माहीत नव्हतं. ज्यांना तिचे हाल थांबवता येत होते त्यांनी ते थांबवले. ज्यांच्या हाती काही नव्हतं, ते हळूहळू तिलाच नावं ठेवू लागले. जग न्यायी आहे हा विश्वास टिकवायचा, तर सोसणाऱ्यात काहीतरी खोट असलीच पाहिजे. 'ती त्या वेळी तिथे गेलीच कशाला' हा प्रश्न कुठून येतो, ते वेगळं सांगायला नको.

इतकं सगळं डळमळीत असताना लोक निकाल मानतात तरी कसे? मानसशास्त्रज्ञ जॉन थिबो आणि कायद्याचे प्राध्यापक लॉरेन्स वॉकर यांनी 1970 च्या दशकात आणि पुढे मानसशास्त्रज्ञ टॉम टायलर यांनी शिकागोतल्या नागरिकांशी बोलून एक गोष्ट पुढे आणली. निकाल आपल्या बाजूनं लागला की नाही, याच्या बरोबरीनं, पुष्कळदा त्याहून जास्त, लोकांना हे लागतं की आपलं म्हणणं ऐकलं का, निर्णय देणारा तटस्थ होता का, आपल्याला माणसासारखं वागवलं का. हरलेला माणूसही 'ऐकून तरी घेतलं' म्हणत बाहेर पडतो.

या निष्कर्षाचं कौतुक फार होतं आणि मला त्याची थोडी भीती वाटते. गोड बोलून, खुर्ची देऊन, पाणी विचारून रिकाम्या हातानं परत पाठवणारी कार्यालयं आपण सगळ्यांनी पाहिली आहेत. ऐकून घेण्याचं नाटक स्वस्त असतं. म्हणून वागणुकीपेक्षा मी निकालपत्रातल्या त्या चार ओळींकडे आधी पाहतो, जिथे न्यायाधीशाला लिहावं लागतं की 5 महिने का, 8 का नाहीत. संतापजनक कृत्य होतं, एवढं लिहून तिथे भागत नाही. लिहिलेलं कारण वरच्या न्यायालयात तपासता येतं, खोडता येतं. 39 शिलिंगांचा निकाल देणाऱ्या ज्यूरीला कारण लिहावं लागत नव्हतं. तिचा कल दयेकडे होता, हे त्या चोरांचं नशीब.