पाठमोरा नऊ नंबर

[दृश्य : आस्टेका स्टेडियम, मेक्सिको सिटी. पिवळे आणि निळे जर्सी.]

२१ जून १९७०. विश्वचषकाचा अंतिम सामना, ब्राझील विरुद्ध इटली. ब्राझील ३-१ ने पुढे. सामना संपायला चार-पाच मिनिटं उरलीत. पेले चेंडू उजवीकडे अलगद सरकवतो, मागून कार्लोस अल्बर्टो धावत येतो आणि ठोकतो. हा गोल तुम्ही कधी ना कधी पाहिला असणारच.

आता फिल्म अर्धा मिनिट मागे घेऊ.

[दृश्य : तेच चित्रण, संथ गतीत.]

ब्राझीलच्या अर्ध्यात इटलीच्या खेळाडूच्या मागे हात धुऊन लागलेला हा गडी बघा. पाठीवर ९ नंबर. म्हणजे संघाचा मुख्य स्ट्रायकर. दोन गोलांची आघाडी आहे, विश्वचषक जवळजवळ खिशात आहे, आणि हा स्वतःच्या गोलच्या बाजूला येऊन चेंडू काढून घ्यायला झटतोय. चेंडू मिळतो. क्लोदोआल्दो चौघांना चकवतो, रिव्हेलिनोला देतो, तिथून जैरझिन्यो, तिथून पेले. एवढ्यात नऊ नंबर पुन्हा पुढे पोचलाय. इटलीच्या गोलकडे पाठ करून उभा आहे आणि हाताने पेलेला खुणावतोय : उजवीकडून येतोय बघ.

त्याचं नाव एदुआर्दो गोन्साल्व्हिस दि आंद्रादे. जग त्याला तोस्ताओ म्हणतं. लहानपणी मोठ्या पोरांत सगळ्यात चिमुकला म्हणून मिळालेलं नाव. तोस्ताओ म्हणजे जुन्या काळातलं एक किरकोळ नाणं.

[दृश्य : बेलो होरिझोंटे शहर, जुनी छायाचित्रं.]

जन्म २५ जानेवारी १९४७, बेलो होरिझोंटे. रिओ आणि साओ पाउलो ही त्या वेळी ब्राझिलियन फुटबॉलची दोन माहेरघरं. बाकीच्यांना कुणी फारसं विचारत नसे. तोस्ताओ १९६३ मध्ये शहरातल्या क्रुझेरो क्लबात आला. अंगकाठी बेताची, खेळ डाव्या पायाचा. धावण्यात त्याच्यापेक्षा चपळ पुष्कळ होते. पण चेंडू पायाशी यायच्या आधीच तो पुढे कुणाला द्यायचा, हे त्याचं ठरलेलं असायचं.

१९६६ च्या विश्वचषकात एकोणीस वर्षांचा असताना तो इंग्लंडला गेला. जखमी पेलेच्या जागी हंगेरीविरुद्ध उतरला आणि गोलही केला. ब्राझील मात्र ३-१ ने हरला, आणि पुढे गटातूनच बाहेर पडला. परतल्यावर त्याच वर्षी जे घडलं, त्याला बेलो होरिझोंटेत आजही तोड नाही.

तासा ब्राझील या राष्ट्रीय स्पर्धेची अंतिम फेरी. समोर पेलेचा सांतोस, सलग पाच वर्षांचा विजेता. पहिला सामना घरच्या मिनेराओ मैदानावर, ३० नोव्हेंबरला. मध्यंतराला धावफलक काय होता? क्रुझेरो ५, सांतोस ०. शेवटी ६-२.

पण खरी मजा आठवड्याने, साओ पाउलोच्या पाकाएंबू मैदानात. मध्यंतराला सांतोस २-० ने पुढे. उत्तरार्धात क्रुझेरोला पेनल्टी मिळते. तोस्ताओ मारतो आणि हुकवतो. परक्या मैदानात, दोन गोलांनी मागे असताना, एकोणीस वर्षांच्या पोराने पेनल्टी दवडल्यावर पुढचा अर्धा तास लपूनच राहायचं असतं. थोड्या वेळाने फ्री किक मिळाली, तर ती मारायलाही हाच पुढे! ह्या वेळी चेंडू जाळ्यात. मग दिर्सेउ लोपेस, मग नाताल. ३-२. साओ पाउलोवाल्यांना क्रुझेरोचं नाव नीट लक्षात ठेवावं लागलं.

१९६९. विश्वचषक पात्रता फेरी. प्रशिक्षक जुआंव साल्दान्या, मूळचा पत्रकार, कम्युनिस्ट आणि तोंडाचा फटकळ. त्याने पेले आणि तोस्ताओ दोघांनाही एकत्र खेळवलं. सहा सामने, सहा विजय. एकट्या तोस्ताओचे गोल दहा.

आणि त्याच वर्षी सप्टेंबरात पाकाएंबूवरच क्रुझेरोचा कोरिंथियन्सशी सामना. बचावपटू दितांवने चेंडू लांब भिरकावला, तो जवळून थेट तोस्ताओच्या डाव्या डोळ्यावर. डोळ्याचा पडदा सरकला.

[दृश्य : वर्तमानपत्रांची कात्रणं. डोळ्यावर पट्टी बांधलेला तोस्ताओ.]

शस्त्रक्रिया अमेरिकेत, ह्यूस्टनला. करणारे डॉक्टर ब्राझीलचेच, रोबेर्तो अब्दाला मौरा. विश्वचषकाला आठ-नऊ महिने राहिले होते आणि ब्राझीलमध्ये एकच चर्चा : तोस्ताओ खेळणार का?

मधल्या काळात साल्दान्याची गच्छंती झाली. देशात लष्करी राजवट होती. राष्ट्राध्यक्ष जनरल मेदिची यांना आत्लेतिको मिनेइरोचा दारियो संघात हवा होता, आणि साल्दान्याने सुनावलं होतं की मंत्रिमंडळ तुम्ही निवडा, संघ मी निवडतो. जाता जाता त्याने पेलेच्याच नजरेबद्दल शंका घेतली, हा त्यातला विनोद. शस्त्रक्रिया दुसऱ्याच्या डोळ्यावर झालेली होती.

नवे प्रशिक्षक मारियो झागालो. त्यांचं म्हणणं सरळ होतं : पेले आणि तोस्ताओ दोघेही मागे येऊन चेंडू घेणारे, एकाच जातीचे; तेव्हा तोस्ताओ हा पेलेचा राखीव. पुढे दांडगट सेंटर फॉरवर्ड हवा. क्रुझेरोत तोस्ताओ ९ नव्हे, ८ नंबर घालायचा, हे लक्षात घेतलं तर झागालो अगदीच चुकत नव्हते. पण सराव सामन्यांत गाडी अडली आणि तोस्ताओला पुढे ठेवून पाहिलं, तर पेले, जैरझिन्यो, रिव्हेलिनो तिघांनाही मोकळं रान मिळालं. ९ नंबरची जर्सी त्याची झाली. दारियोही मेक्सिकोला गेला, पण एक मिनिटही खेळला नाही.

[दृश्य : ग्वादालाहारा, ७ जून. ब्राझील विरुद्ध इंग्लंड.]

गतविजेता इंग्लंड. पहिला तास ०-०. तोस्ताओला बाकावरून उठलेला राखीव फॉरवर्ड रोबेर्तो अंग गरम करताना दिसतो. बदली कुणाची होणार, हे सांगायला नको. पुढच्या काही क्षणांत तोस्ताओने जे केलं ते संथ गतीत बघण्यासारखं आहे. डावीकडे चेंडू घेतो. एकाला ढकलून पुढे सरकतो. मग बॉबी मूर, त्या काळचा जगातला सर्वोत्तम बचावपटू. त्याच्या दोन पायांच्या मधून चेंडू काढतो. इंग्लंडचे खेळाडू त्याच्याभोवती जमतात. तो गर्रकन वळतो आणि गोलकडे नीट न पाहताच, दुबळ्या मानल्या गेलेल्या उजव्या पायाने चेंडू पलीकडे टाकतो. पेले चेंडू थांबवून जैरझिन्योकडे सारतो. गोल. ५९ वं मिनिट. ६८ व्या मिनिटाला रोबेर्तो आत, तोस्ताओ बाहेर. बदली झालीच.

पेरूविरुद्ध उपांत्यपूर्व सामन्यात त्याने दोन गोल केले. अख्ख्या विश्वचषकात त्याचे गोल तेवढेच. उपांत्य सामन्यात उरुग्वे पुढे असताना क्लोदोआल्दोला बरोबरीच्या गोलचा पास त्याचा, अंतिम सामन्यात तर फलकावर नावच नाही. स्ट्रायकरला गोलांनी मोजायची आपली सवय इथे कुचकामी ठरते. इटलीचा बचाव माणसामागे माणूस लावून खेळायचा आणि सगळ्यांच्या मागे चेरा हा मोकळा बचावपटू. तोस्ताओ त्या चेरापाशीच जाऊन चिकटला. त्याला सोडून चेराला कुणाच्या मदतीला जाता येईना. तिकडे जैरझिन्यो आत सरकला की इटलीचा डावा बचावपटू फाकेत्ती त्याच्यामागे खेचला जायचा आणि उजवी कड ओस पडायची. कार्लोस अल्बर्टो धावत आला तो ह्याच मोकळ्या रस्त्याने.

विजेतेपदाचं पदक तोस्ताओने डॉक्टर मौरांना देऊन टाकलं.

१९७२ मध्ये तो विक्रमी रकमेला रिओच्या वास्को द गामा क्लबात गेला. पण डोळ्याने पुन्हा उचल खाल्ली. खेळत राहिलास तर डोळा जाईल, असं डॉक्टरांनी सांगितलं. १९७३ मध्ये, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, बूट खुंटीला. क्रुझेरोच्या इतिहासात त्याच्याएवढे गोल अजून कुणाचे नाहीत.

मग हा माणूस वैद्यकीय महाविद्यालयात जाऊन बसला. डॉक्टर झाला, रुग्ण तपासले, विद्यार्थ्यांना शिकवलं. फुटबॉलपासून चार हात लांब. मुलाखती नाहीत, आठवणींचे समारंभ नाहीत. ओपीडीत तो डॉक्टर एदुआर्दो.

फुटबॉलकडे परतला तो थेट १९९४ च्या विश्वचषकाला, टीव्हीवर समालोचक म्हणून. पुढे फोल्या दि साओ पाउलो या दैनिकातला त्याचा स्तंभ खेळावरच्या उत्तम लिखाणात गणला गेला. मैदानात जसा, तसाच लिहिण्यातही. पसारा नाही, आरडाओरडा नाही.

२०१४ चा विश्वचषक ब्राझीलमध्ये भरणार होता. त्यासाठीच्या कायद्यात सरकारने १९५८, १९६२ आणि १९७० च्या विजेत्या खेळाडूंना प्रत्येकी एक लाख रियाल द्यायचं ठरवलं. त्यातल्या काहींचं म्हातारपण हलाखीत गेलेलं, त्यांना पैशाची गरज होतीच. तोस्ताओने मात्र आपल्या वाट्याचे पैसे नको म्हणून जाहीर सांगितलं. जनतेचा पैसा ह्यासाठी नाही, एवढंच कारण. आणि पुढच्या स्तंभात पुन्हा मधल्या फळीच्या रचनेवर लिहायला बसला.