पेपेचं टेबल

एका स्पॅनिश चित्रपटातलं दृश्य. माद्रिदमधला एक डबिंग स्टुडिओ. पडद्यावर १९५४ चा अमेरिकी चित्रपट 'जॉनी गिटार'. इव्हान माइकसमोर उभा राहून नायकाचे संवाद स्पॅनिशमध्ये बोलतोय. नायिका जोन क्रॉफर्डचे ओठ हलतात, पण आवाज येत नाही. तिला जिचा आवाज द्यायचा, ती पेपा घरी गाढ झोपली आहे. झोपेच्या गोळ्या घेऊन.

पेपा पोहोचते तेव्हा इव्हान निघून गेलेला असतो. स्टुडिओतून, आणि तिच्या आयुष्यातूनही. ती माइकसमोर उभी राहते. ऐकू येतो तो त्याचा आधीच ध्वनिमुद्रित झालेला आवाज. मघाचे अर्धे राहिलेले प्रेमसंवाद आता पुरे होतात. दोघं एकमेकांशी बोलतात, पण एका खोलीत नसतात. अखेर पेपा बेशुद्ध होऊन कोसळते.

आता मघाची ती शांतता आठवा. ती आधी आली म्हणून पेपाचा आवाज एवढा लागतो. कोणतं चित्र, कोणता आवाज कधी यायचा, हे ठरवण्याचं काम संकलकाचं.

हे दृश्य पेद्रो अल्मोदोवार दिग्दर्शित, १९८८ च्या 'विमेन ऑन द व्हर्ज ऑफ अ नर्व्हस ब्रेकडाउन' या चित्रपटातलं. त्याचे संकलक होते होसे साल्सेदो. चित्रपटसृष्टीत त्यांना पेपे म्हणत. या चित्रपटासाठी त्यांना गोया पुरस्कार मिळाला. स्पेनमध्ये चित्रपटाचा हा सर्वांत मानाचा पुरस्कार.

साल्सेदो १९४९ चे, स्पेनच्या ला मांचा प्रदेशातल्या सिउदाद रेआलचे. त्याच वर्षी, त्याच प्रांतातल्या काल्सादा दे कालात्रावा या गावी पेद्रो अल्मोदोवार जन्मले. पुढे अल्मोदोवार माद्रिदमध्ये टेलिफोन कंपनीत नोकरी करत आणि फावल्या वेळात चित्रपट करत. 'पेपी, लुसी, बोम' हा त्यांचा पहिला व्यावसायिक चित्रपट १६ मिलीमीटरच्या फिल्मवर, पैसे जमतील तसा, वर्षाहून अधिक काळ चित्रित होत राहिला. असे तुकडे हाती आल्यावर काम गोधडी शिवण्यासारखंच. चिंध्या वेगवेगळ्या ऋतूंतल्या, पण शिवण दिसता कामा नये. १९८० मध्ये तो चित्रपट आला. संकलक, साल्सेदो.

तेव्हा फिल्म खरोखर हातानं कापावी लागे. चित्राची पट्टी वेगळी, आवाजाची चुंबकीय पट्टी वेगळी. मोव्हिओलावर, म्हणजे संकलनाच्या टेबलावर, दोन्ही पुढेमागे न्यायच्या, मेणाच्या पेन्सिलीनं खूण करायची, कापायचं, चिकटपट्टीनं जोडायचं, पुन्हा पाहायचं. सेकंदाला २४ फ्रेम. दोनचार फ्रेम इकडेतिकडे झाल्या, की हशा निसटतो. अल्मोदोवारच्या चित्रपटांत तर हशा आणि हुंदका लागून येतात. त्यांच्यामधली जागा राखणं मला फार अवघड काम वाटतं.

'ऑल अबाउट माय मदर', १९९९. वाढदिवसाच्या रात्री, पावसात, आवडत्या अभिनेत्रीची सही घ्यायला एक मुलगा तिच्या टॅक्सीमागे धावतो. गाडीची धडक बसते. आणि इथे आपण रस्त्याच्या कडेला उभे राहून पाहत नाही, त्याच्याबरोबर पडतो. जग तिरकं होतं आणि त्या तिरक्या जगातून आई धावत येते. मी हे दृश्य पुष्कळदा पाहिलंय. दर वेळी आई पोहोचायच्या आत माझा श्वास अडकतो. या चित्रपटासाठी साल्सेदोंना पुन्हा गोया मिळाला.

मधला गोया मात्र १९९५ च्या, आगुस्तिन दियास यानेस यांच्या चित्रपटाचा. त्यांचाच 'आलात्रिस्ते' हा २००६ चा भव्य ऐतिहासिक चित्रपटही साल्सेदोंनीच संकलित केला. एकूण शंभराहून अधिक चित्रपट त्यांच्या हातून गेले. म्हणूनच त्यांना नुसतं 'अल्मोदोवारचे संकलक' म्हणणं मला अपुरं वाटतं.

तरी ती साथ विलक्षणच. 'पेपी'पासून २०१६ च्या 'हुलिएता'पर्यंत ३६ वर्षं आणि २० चित्रपट. दिग्दर्शकाचं नाव जगभर झालं, नट बदलले, छायाचित्रकार बदलले, फिल्म जाऊन संगणक आला. संकलकाच्या जागी नाव तेच राहिलं.

सप्टेंबर २०१७ मध्ये साल्सेदो गेले. अल्मोदोवारचा पुढचा चित्रपट २०१९ मध्ये आला, 'पेन अँड ग्लोरी'. थकलेल्या, आजारी, जुन्या माणसांच्या आठवणीत बुडालेल्या एका दिग्दर्शकाची गोष्ट. तिचं संकलन केलं तेरेसा फोंत यांनी. त्यांना त्यासाठी गोया मिळाला.