चाकांवरचा स्टुडिओ

(दृश्य : जंगलातला रस्ता. लांबून येणारी मोठी व्हॅन.)

कॅनडाचा क्वेबेक प्रांत. लाकडं वाहणाऱ्या ट्रकच्या या रस्त्यांवरून ही व्हॅन अतिकामेक, इन्नू, अनिशिनाबे अशा आदिवासी वस्त्यांमध्ये जाते. तिचं नाव वापिकोनी मोबाईल. तिथल्या तरुणांना फिल्म बनवायला शिकवणारा हा स्टुडिओ.

वापिकोनी अवाशिश ही वेमोताची या अतिकामेक गावची मुलगी. दिग्दर्शिका मानों बार्बो इथल्या तरुणांना सोबत घेऊन चित्रपटाची पटकथा लिहीत होत्या, त्या गटात ती होती. 2002 मध्ये रस्त्यावरच्या अपघातात ती गेली. वय अवघं 20. पुढे 2004 मध्ये अतिकामेक समाजाची परिषद आणि आदिवासी युवकांची संघटना यांच्या साथीनं बार्बोंनी तिच्या नावानं हा फिरता स्टुडिओ सुरू केला.

(दृश्य : व्हॅनच्या आत. कॅमेरे, हेडफोन, एडिटिंगचे कॉम्प्युटर.)

मुक्काम साधारण महिन्याभराचा. फळा नाही, वर्ग नाही. कॅमेरा लगेच हातात. एक जण शूट करतो, दुसरी बूम (लांब दांडीचा माईक) धरते, तिसरा आजीला समजावतो की लेन्सकडे बघू नको. कुठला शॉट ठेवायचा यावरून वाद होतात, आणि ते व्हायलाच हवेत. शिकवणारे बाजूला बसतात. शेवटचा शब्द ज्याची गोष्ट त्याचा.

पथकात एक समाजकार्यकर्ताही असतो. मला ही व्यवस्था सगळ्यात मोलाची वाटते. कारण माईकसमोर मन मोकळं होतं तेव्हा घरातली दारू, मारहाण, मित्राची आत्महत्या, सगळंच बाहेर येतं. ते ऐकून घेणारं माणूस नसेल, तर नुसता कॅमेरा पोरांना उघडं पाडतो.

(दृश्य : तळ्याकाठची लाकडी घरं.)

हे किचिसाकिक, अनिशिनाबे लोकांचं गाव. जवळच वीजनिर्मितीचं धरण, आणि कित्येक वर्षं घरांना विजेची जोडणी नव्हती, नळ नव्हता. याच गावच्या केविन पापाती यांनी 2007 मध्ये काही मिनिटांची फिल्म केली. एकाच घरातल्या चार पिढ्या. थोरल्या पिढीच्या तोंडी अनिशिनाबे भाषा. मधल्यांना घरापासून तोडून आदिवासी मुलांसाठीच्या निवासी शाळांत नेलं, तिथं मातृभाषा बोलायला बंदी. धाकट्या पिढीपर्यंत येता येता उरते फ्रेंच. बाहेरून आलेल्या दिग्दर्शकाला हे सांगायला दोन तास लागले असते, आणि त्या घरानं त्याच्यासमोर तोंड उघडलं असतं की नाही, कोण जाणे.

पिकोगान या अनिशिनाबे वस्तीचा रॅपर सामियनही याच व्हॅनमधून पुढे आला. अनिशिनाबे भाषेतला रॅप त्यानं क्वेबेकभर पोचवला.

(दृश्य : गावातलं सभागृह. पडदा बांधणारी मुलं.)

मुक्काम संपताना पहिला खेळ गावातच होतो. महोत्सव नंतर. आपल्याच माणसांसमोर आपली फिल्म दाखवायची, आणि ते विचारतील त्याला उत्तर द्यायचं.

2011 मध्ये केंद्र सरकारचं मोठं अनुदान बंद झालं. तरी काम थांबलं नाही. फिल्मची संख्या आता हजाराच्या वर गेली आहे. पण व्हॅन गेली की कॅमेराही जातो, आणि नुकतंच शिकलेल्या पोरांचे हात रिकामे राहतात. म्हणून काही वस्त्यांमध्ये कायमचे छोटे स्टुडिओ उभे केले गेले. ते प्रत्येक वस्तीत हवेत.