एक भिंत, अकरा सौदे आणि बार्बरा कॉर्कोरन

[दृश्य : मॅनहॅटनमधल्या जुन्या विटांच्या इमारती, बाहेरच्या अंगाला लटकलेले लोखंडी जिने]

न्यूयॉर्क. १९७० च्या दशकाची सुरुवात. घरमालकांच्या एका कचेरीत रिसेप्शनवर बसणारी विशीतली मुलगी मालकांना सुचवते, हॉलमध्ये एक भिंत घालू या का? भिंत उभी राहते. जाहिरातीत वन बेडरूमचं ‘वन बेडरूम प्लस डेन’ होतं. डेन म्हणजे जादा छोटी खोली. जागा तेवढीच, एका चौरस फुटाचीही भर नाही. तरी फ्लॅट भाड्यानं जातो.

तिची पहिली दलाली ३४० डॉलर, म्हणजे एका महिन्याचं भाडं. मुंबई-पुण्यात अकरा महिन्यांचा करार करून देणारा एजंटही साधारण हाच हिशोब लावतो. हे पैसे तिनं कुठे घालवले? बर्गडॉर्फ गुडमन नावाच्या महागड्या दुकानात. एका कोटावर. जवळजवळ सगळे.

[दृश्य : बार्बरा कॉर्कोरन यांचं जुनं छायाचित्र]

बार्बरा कॉर्कोरन. जन्म १९४९, हडसन नदीच्या पलीकडे, न्यू जर्सीतल्या एजवॉटर गावात. दहा भावंडांत दुसरी. सगळ्यांना मिळून बाथरूम एकच. वडील छापखान्यात फोरमन. शाळेत कायम काठावर पास. वाचताना अक्षरं डोळ्यांपुढे जुळत नसत, आणि त्याला डिस्लेक्सिया म्हणतात हे कळायला अर्धं आयुष्य गेलं. १९७१ मध्ये पदवी, मग थोडे दिवस शिकवणं, हॉटेलात वेट्रेस. तेविसाव्या वर्षापर्यंत वीस-बावीस नोकऱ्या झाल्या होत्या. आपल्याकडे अशा मुलीला ‘एका जागी टिकत नाही’ म्हणतात.

१९७३ मध्ये प्रियकरानं हजार डॉलर उसने दिले आणि दोघांची घरदलालीची फर्म निघाली. पाच वर्षांनी तो तिच्याच सेक्रेटरीशी लग्न करायला निघाला. एजंटांची वाटणी झाली. ‘माझ्याशिवाय तुझं काही चालायचं नाही’, हे त्याचे निरोपाचे शब्द बार्बराबाई आजही मुलाखतींमधून सांगतात, आणि सांगताना त्यांना मजा येते हे लपत नाही. १९७८ मध्ये ‘कॉर्कोरन ग्रुप’ उभा राहिला.

आता त्या तज्ज्ञ कशा झाल्या, ते बघू.

[दृश्य : टाइपरायटर, कागदावर उमटणारे आकडे]

हातात वर्षाचे सौदे होते अकरा. त्यांनी अकरा किमतींची बेरीज केली, अकरानं भागलं, आलेल्या सरासरीला ‘कॉर्कोरन रिपोर्ट’ असं भारदस्त नाव दिलं आणि तो कागद वृत्तपत्रांना धाडला. ‘न्यूयॉर्क टाइम्स’नं तो आकडा नावानिशी छापला. झालं! फ्लॅटच्या भावाबद्दल काही विचारायचं तर बातमीदार त्यांनाच फोन करू लागले.

अकरा सौद्यांवरून सगळ्या शहराचा भाव? संख्याशास्त्राच्या मास्तरांनी वही भिरकावली असती. पण तेव्हाचं मॅनहॅटन कसं होतं ते लक्षात घ्या. तिथल्या पुष्कळ इमारती को-ऑप. म्हणजे फ्लॅट घेणाऱ्याला मिळतात ते कंपनीचे शेअर्स, आणि इमारतीची कमिटी मुलाखत घेऊन, कारण न सांगता नकार देऊ शकते. आपल्या सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट कपाटात पडून असतं; तिथे शेअर म्हणजेच घर. अशा फ्लॅटांच्या विक्रीचे भाव सरकारी दफ्तरात लोकांना बघायला मिळू लागले ते २००६ पासून. आपल्याकडे इंडेक्स टू, म्हणजे दस्तनोंदणीचा उतारा, काढला की शेजारचा फ्लॅट कितीला गेला ते कळतं. तिथे त्या काळी भाव माहीत असायचा तो दलालांना, आणि ते तोंड उघडत नसत. बार्बराबाईंनी उघडलं. हिशोब कच्चा होता, तरी बाजारात दुसरा हिशोबच नव्हता.

[दृश्य : इमारतीबाहेर पहाटेची रांग]

१९८७ च्या ऑक्टोबरात शेअर बाजार कोसळला आणि पाठोपाठ घरांना गिऱ्हाईक मिळेना. एका विमा कंपनीचे ८८ फ्लॅट पडून होते. कुणाचं स्वयंपाकघर धड नाही, कुणाच्या खिडकीसमोर भिंतच. बार्बराबाईंना आठवली कुत्र्याची पिल्लं विकणारी एक शेतकरीण. तिनं सगळ्या गिऱ्हाइकांना एकाच वेळी बोलावलं होतं. पिल्लं कमी, माणसं जास्त. मग कुठलं पिल्लू रोगट हे बघायला कुणाला सवड! तोच डाव इथे. एका आकाराच्या सगळ्या फ्लॅटांना एकच किंमत, विक्री एकाच दिवशी, जो आधी येईल त्याचा. रांगा लागल्या आणि पडून राहिलेला माल उठला. हे कौशल्य वाखाणायचं की त्या रांगेतल्या शेवटच्या माणसाची कीव करायची, मला ठरवता येत नाही.

सगळेच डाव बसले असंही नाही. फ्लॅटांचं चित्रीकरण करून गिऱ्हाइकांना घरी कॅसेट द्यायची, या कल्पनेत सत्तर हजारांहून जास्त डॉलर बुडाले. त्यांचेच एजंट त्या कॅसेट वाटेनात, कारण आत दुसऱ्या एजंटाचाही चेहरा आणि फोन नंबर. पुढे इंटरनेट आलं आणि तीच चित्रं तिकडे चढवली, प्रतिस्पर्ध्यांना वेबसाइट म्हणजे काय हे कळण्याच्या आत.

२००१ मध्ये कंपनी विकली ६ कोटी ६० लाख डॉलरना. २००९ पासून ‘शार्क टँक’, नव्या धंद्यांत पैसे घालणाऱ्यांचा टीव्ही कार्यक्रम. ती खुर्चीवरची बाई सगळ्यांनी पाहिलेलीच आहे.

[दृश्य : फिफ्थ अव्हेन्यू, सेंट्रल पार्कच्या कडेची उंच इमारत]

१९९२. कंपनी स्वतःची, पण वरकमाईसाठी बार्बराबाई निरोप्याचं कामही करायच्या. एक पाकीट घेऊन त्या फिफ्थ अव्हेन्यूवरच्या या इमारतीच्या शेवटच्या मजल्यावर गेल्या. दार उघडलं, आतली झाडं आणि मागचं सेंट्रल पार्क दिसलं. घरमालकिणीला त्या म्हणाल्या, कधी विकायचं झालं तर आधी मला कळवा.

फोन आला तेवीस वर्षांनी. २०१५ मध्ये, साधारण एक कोटी डॉलरना, त्यांनी ते घर घेतलं. इमारत को-ऑप. म्हणजे आधी कमिटीकडे अर्ज.